आण्णाचं पान

ऑगस्ट 2024 मधली गोष्ट. रात्रीची जेवणं चालली होती आणि टीव्हीवर पंतप्रधानांच्या पोलंड दौऱ्याची बातमी लागली होती. वॉर्सात कोल्हापूरच्या नावाचं एक स्मारक आहे, तिथं ते फुलं वाहत होते. घरात एकदम उत्साह संचारला. काकानं आवाज वाढवला, भावानं टीव्हीचाच फोटो काढून नातेवाइकांच्या ग्रुपवर टाकला, त्याखाली ‘जगात भारी कोल्हापुरी’ वगैरे सुरू झालं. निवेदक त्याच दमात दुसऱ्या एका स्मारकाबद्दल बोलत होता, इटलीतल्या मोंते कासिनोच्या लढाईच्या. तिथंही फुलं वाहिली गेली होती. दुधात भाकरी कुस्करत बसलेल्या आजीनं मान वर केली आणि मला म्हणाली, “त्यात आमच्या आण्णाचं नाव हाय काय, बघ की गं.” सगळे हसले. वाईट हसले नाहीत, लहान मुलाच्या प्रश्नाला हसावं तसे हसले. काका म्हणाला, “आई, ते पोलंडच्या लोकांचं आहे.” तिला ते पटलं नाही. “मग इटली इटली काय म्हणालाय त्यो?” एवढं बोलून ती पुन्हा भाकरीकडे वळली. बातमी बदलली, पावसाचा अंदाज लागला, जेवणं उरकली. मला मात्र त्या रात्री नीट झोप लागली नाही.

आण्णा म्हणजे आजीचा थोरला भाऊ. मराठा पलटणीत भरती झाला, इटलीच्या लढाईत गेला आणि परत आला नाही. आमच्या घरात त्याच्याबद्दल इतकंच ठाऊक आहे. फोटो नाही, पत्र नाही, पदक नाही. आजीला तो आठवतो तेही तुकड्यातुकड्यानं. त्याच्या बुटांचा आवाज. रजेवर आला तेव्हा आणलेला बिस्किटांचा पत्र्याचा डबा, ज्यात पुढं कित्येक वर्षं तिची आई मोहरी ठेवत होती. त्यानं तिला खांद्यावर बसवून जोतिबाच्या यात्रेत सासनकाठ्या दाखवल्या होत्या आणि गुलालानं तिचे डोळे चुरचुरले होते. बोलायला तो कसा होता, हे विचारलं की ती गप्प होते. मग म्हणते, “बोलत न्हवता फार.” हे खरं असेल, किंवा त्याचं बोलणं तिच्या आठवणीतून कधीच निघून गेलं असेल आणि ती त्याच्यावर ढकलत असेल. नव्वदी ओलांडलेल्या बाईकडून दहा वर्षांच्या मुलीच्या आठवणी काढून घेताना आपणही जरा चोरच होतो.

आजीचं माहेर पंचगंगेच्या पलीकडच्या अंगाला, रुकडीच्या बाजूचं. अलीकडच्या काठाला वळीवडे. 1943 साली तिथं पोलंडची हजारो गोरी माणसं कॅम्पात राहायला आली. बहुतेक बायका आणि मुलं. आसपासच्या गावांतली माणसं कॅम्पात भाजीपाला, दूध, अंडी विकायला जायची, त्यांत आजीची आईही होती. नदीला पाणी कमी असलं की उतारानं, आणि जास्त असलं की काहिलीतून. गूळ शिजवायची ती अवाढव्य काहील पाण्यात सोडायची आणि तिच्यात बसून पलीकडे जायचं, हा आमच्याकडचा जुना रिवाज. आजी काहिलीत आईच्या मांडीशी अंड्यांची बुट्टी धरून बसायची, आणि भीती बुडण्याची नसायची, अंडी फुटण्याची असायची. कॅम्पात शिरलं की पहिल्यांदा वास यायचा, असं ती सांगते. कसला, ते तिला सांगता येत नाही. “आपल्यातला न्हवं,” एवढंच. मग ओळीनं लांबच्या लांब कौलारू बॅरकी, चटयांच्या भिंती, दारापुढं फुलझाडं लावलेली. बायकांच्या डोक्याला रुमाल. संध्याकाळी घंटा वाजली की सगळ्या एका दिशेनं चालायला लागायच्या आणि मग गाणं ऐकू यायचं, त्यात शब्द कळायचे नाहीत पण आजीच्या आईचे डोळे भरून यायचे.

मला सगळ्यात जास्त आवडतं ते आजीचं एक निरीक्षण. तिनं तोवर गोरा माणूस पाहिला होता तो घोड्यावर, नाहीतर मोटारीत. साहेब. त्याच्यापुढं आपले लोक वाकायचे. इथं मात्र गोऱ्या बायका स्वतः पाणी भरत होत्या, धुणं धूत होत्या, चार पैशांसाठी आजीच्या आईशी घासाघीस करत होत्या. “गोरी माणसं बी रडत्यात, हे मी तितं बगितलं.” दहा वर्षांच्या मुलीसाठी हे स्वातंत्र्याच्या चळवळीइतकंच मोठं शिक्षण असणार.

या बायका तिथवर कशा पोचल्या ते आता कोल्हापुरात बऱ्याच जणांना माहीत झालंय. 1940 पासून सोव्हिएत सैन्यानं पूर्व पोलंडमधून घरंच्या घरं उचलून मालगाड्यांत भरली आणि सायबेरियात, कझाकस्तानात नेऊन टाकली. जर्मनीनं रशियावरच हल्ला केल्यावर चित्र पालटलं, 1941 च्या जुलैत करार झाला, माणसं सुटली. पोलिश जनरल आंदर्स त्यांच्यातूनच फौज उभी करू लागले आणि फौजेबरोबर कुटुंबंही दक्षिणेकडे सरकली. 1942 मध्ये कास्पियन समुद्र ओलांडून इराण. तिथून फौज इराक, पॅलेस्टाइन, इजिप्त करत इटलीत गेली. बायकामुलं कराचीमार्गे हिंदुस्थानात आली, काही आफ्रिकेत गेली. जामनगरजवळ बालाचडीला जामसाहेबांनी मुलांसाठी छावणी काढली ती प्रसिद्ध आहे. वळीवड्याचा कॅम्प तिच्यापेक्षा कितीतरी मोठा, जवळजवळ पाच हजार वस्तीचा, आणि 1948 पर्यंत चाललेला. त्यात शाळा होत्या, दवाखाना होता, चर्च होतं, नाटकं होत होती, स्काउटांचे मेळावे भरत होते.

टीव्हीवर त्या रात्री हे सगळं ‘कोल्हापूरच्या महाराजांनी दिलेला आसरा’ या एका वाक्यात बसवलं गेलं. मला ते वाक्य खटकतं. राजाराम महाराज 1940 मध्येच वारले होते आणि गादीवर दत्तक घेतलेलं अजाण मूल होतं, कारभार रीजन्सीकडे होता. कॅम्प उभा राहिला तो दिल्लीतलं इंग्रज सरकार आणि लंडनमध्ये परागंदा असलेलं पोलिश सरकार यांच्या ठरावातून, आणि खर्चाचा भार त्या पोलिश सरकारवर होता. जागा आपली होती, हवा आपली, नदी आपली. अंडी आणि भाजी आपली, तीही विकत. यात कमीपणा काही नाही. उलट मला हा व्यवहारच जास्त माणुसकीचा वाटतो. आजीच्या आईनं त्या बायकांवर उपकार केले नाहीत आणि त्यांनी तिच्यावर केले नाहीत. तरी कित्येक वर्षांनी तिथून गेलेली मुलं म्हातारी होऊन परत आली, महावीर उद्यानात स्तंभ उभारला, ख्रिस्ती दफनभूमीत आपल्या माणसांच्या थडग्यांवर डोकं टेकून गेली. वॉर्सातलं ते कोल्हापूर स्मारकही 2017 मध्ये त्यांच्याच आठवणीतून उभं राहिलं. एखादी जागा इतकी लक्षात राहते ती उपकारामुळं नसावी. सायबेरियानंतर पहिल्यांदा पोटभर जेवून, ऊन अंगावर घेत, शाळेला जायचा कंटाळा जिथं करता आला, ती ती जागा.

टीव्हीवरच्या बातमीनंतर काही दिवसांनी मी गांधीनगरला, म्हणजे वळीवड्याच्या त्या कॅम्पाच्या जागी आज जी वसाहत आहे तिथं गेले. तसं आम्ही कोल्हापूरकर वर्षातून कधी ना कधी जातोच. लग्नाचा बस्ता असो नाहीतर दिवाळीचे कपडे, घाऊक बाजार तिथलाच. पण त्या दिवशी मी कापड बघायला गेले नव्हते. वळीवड्याच्या बारक्या स्टेशनावर उतरून चालत गेले. वाटेत उसाच्या ट्रॉल्यांनी पाडलेले खड्डे, त्यांत साठलेलं पाणी, पुढं दुकानांच्या रांगा, गठ्ठे वाहणारे टेम्पो, कोऱ्या कापडाचा खळीचा वास. तो वास नाकात बसला की बाकी काही आठवेनासं होतं. एका दुकानात गल्ल्यावर बसलेल्या वयस्कर गृहस्थांना विचारलं, जुन्या बॅरकी कुठं आहेत? ते म्हणाले, “आमच्या?” मला क्षणभर कळेना. मग ते सांगत सुटले. त्यांचे वडील सिंधमधून आले तेव्हा एक ट्रंक आणि दोन लहान बहिणी घेऊन आले होते. बॅरकीतल्या एका खोलीत तीन कुटुंबं होती, मध्ये साड्यांचे पडदे. वडील डोक्यावर कापडाचं गाठोडं घेऊन कोल्हापुरात दारोदार फिरायचे. त्यांचा स्वतःचा जन्म इथला, बॅरकीतला. “पाऊस पडला की कौलांतून पाणी, रात्रभर आई भांडी ठेवत बसायची.” आधी इथं पोलंडचे लोक होते हे त्यांना माहीत होतं, पण ते त्यांनी असं सांगितलं, जसं आपण घर घेताना आधीच्या भाडेकरूबद्दल सांगतो. मग त्यांनी चहा मागवला आणि माझ्या अंगावरच्या ड्रेसचं कापड बोटांनी चाचपून, हे कितीला घेतलंत, असं विचारलं. किंमत ऐकून त्यांनी मान हलवली. मी फसले होते म्हणे.

एक लढाई संपवून माणसं गेली आणि एका फाळणीनं उखडलेली माणसं त्याच चटयांच्या भिंतींत येऊन राहिली. मधे जेमतेम काही महिने. भिंती वाळायलाही वेळ मिळाला नसेल.

मला तिथं स्मारक बघायची आस होती, हे नाकारत नाही. एखादी बॅरक तशीच राखून ठेवलेली, आत फोटो, काचेत चमचे. पण हिंडताना ती इच्छा हळूहळू ओसरली. बॅरकी पाडल्या गेल्या, वाढवल्या गेल्या, त्यांच्यावर मजले चढले, तळाला दुकानं आली. एका बोळात जुनी कौलं अजून दिसतात, त्यांवर डिश अँटेना आहे आणि खाली कुणीतरी पापड वाळत घातलेले. ज्या बायकांनी इथं फुलझाडं लावली त्यांना हे आवडलं असतं का, मला माहीत नाही. त्यांना परत जायला घर नव्हतं. त्यांचा मुलूख याल्टाच्या बैठकीनंतर रशियाच्या हद्दीत गेला, 1945 च्या जुलैत इंग्रजांनी लंडनमधल्या त्यांच्या सरकारची मान्यताही काढून घेतली. जिंकलेल्या बाजूची ही माणसं, आणि लढाई संपल्यावर देशच नाही. मग कुणी इंग्लंडला गेलं, कुणी ऑस्ट्रेलिया, कुणी कॅनडा, अमेरिका. एकीनं कोल्हापुरातच लग्न केलं आणि ती इथली झाली.

आता आण्णा. आजी सांगते त्यातली एक गोष्ट मला कायम संशयास्पद वाटत आलीय. अंडी घेणाऱ्या बायकांपैकी एकीच्या खोलीत गणवेशातल्या माणसाचा फोटो होता. आजीच्या आईनं खुणेनं विचारलं, हा कुठं आहे? ती म्हणाली, इटली. आजीच्या आईनं छातीवर हात ठेवून सांगितलं, माझाही पोरगा, इटली. तेव्हापासून ती बाई अंडी निवडून घ्यायची नाही, देईल ती घ्यायची. ही गोष्ट आजी सांगते तेव्हा फोटोतला माणूस कधी त्या बाईचा नवरा असतो, कधी मुलगा, एकदा तर भाऊ होता. मला वाटायचं, ही गोष्ट आजीनं नंतर कधीतरी रचली असावी, दुःखाला जोडीदार हवा म्हणून. पण नकाशा घेऊन बसले तेव्हा माझी मला जरा लाज वाटली. गोष्ट अशक्य तर नव्हतीच, उलट तिच्यासारखीच घडण्याची शक्यता जास्त होती. आंदर्सच्या फौजेतल्या माणसांचीच तर ही कुटुंबं. आणि 11 मे 1944 च्या रात्री, शेवटच्या मोठ्या हल्ल्याला सुरुवात झाली तेव्हा, वर डोंगरावर मोंते कासिनोच्या मठाच्या दिशेनं पोलिश कोअर चढत होती आणि खाली खोऱ्यात गारी नदी ओलांडत होती आठवी भारतीय डिव्हिजन. पाचव्या मराठा लाइट इन्फन्ट्रीची पहिली पलटण याच डिव्हिजनमध्ये. 18 मेला मठाच्या ढिगाऱ्यावर पोलंडचा झेंडा लागला. त्याआधी फेब्रुवारी-मार्चमध्ये त्याच डोंगरावर चौथ्या भारतीय डिव्हिजनची माणसं हकनाक खर्ची पडली होती.

म्हणजे टीव्हीसमोर आजीनं विचारलेल्या प्रश्नाला आम्ही हसलो ते आमच्या अज्ञानाला हसलो. दोन्ही स्मारकांचा तिच्या घराशी संबंध होता.

आपल्याकडे इटली म्हटलं की दोन नावं निघतात, आणि तीही फौजेशी नातं असलेल्या घरांतच. माणगाव तालुक्यातल्या पळसगावचे नाईक यशवंत घाडगे. 10 जुलै 1944, तिबर नदीचं वरचं खोरं. सेक्शनमधले बाकीचे सगळे पडल्यावर एकटे मशीनगनवर धावून गेले, ग्रेनेड फेकला, मॅगझीन बदलायला सवड नव्हती तेव्हा बंदुकीच्या दस्त्यानं शेवटचे दोघे लोळवले आणि मग स्नायपरच्या गोळीनं गेले. वय 22. दुसरे संगमनेरकडच्या निमजचे नामदेव जाधव. 9 एप्रिल 1945 ला सेनिओ नदीच्या काठावर जखमी सोबत्यांना सुरुंगांतून, पाण्यातून पलीकडे पोचवून आले, पुन्हा जाऊन मशीनगनची ठाणी बंद पाडली आणि बांधावर उभं राहून शिवाजी महाराजांचा जयजयकार केला. दोघांनाही व्हिक्टोरिया क्रॉस. घाडग्यांच्या नावानं इटलीतल्या मोंतोने गावात 2023 मध्ये एक सूर्यघड्याळ उभारलं. पण व्हिक्टोरिया क्रॉस मिळालेल्यांची आठवण ठेवणं सोपं असतं. इटलीत साडेपाच हजारांहून जास्त भारतीय सैनिक कामी आले. त्यांतल्या बहुतेकांनी त्या दिवशी बंदुकीचा दस्ता फिरवला नसेल. ते नुसते चालत होते आणि तोफगोळा पडला.

कॉमनवेल्थ वॉर ग्रेव्हज कमिशनच्या संकेतस्थळावर नाव टाकून शोधता येतं. एका रविवारी दुपारी बसले. आण्णाचं नाव आणि आडनाव दोन्ही आमच्याकडे पैशाला पासरी, त्यात इंग्रज कारकुनानं कसं लिहिलं असेल याचा अंदाज बांधत अक्षरं उलटीपालटी करायची. शेवटी मराठा पलटणीतली तीन माणसं समोर आली, तिघंही इटलीतली. एकाचं नाव कासिनोच्या स्मारकावर आहे, ज्यांचा देह सापडला नाही त्यांच्यासाठी असलेल्या. एकाचं सांग्रो नदीकाठच्या दहनस्मारकावर, एकाचं फोर्लीच्या. गावाचं नाव, बापाचं नाव कुणापुढंच नाही, फक्त सैनिक क्रमांक आणि तारीख. मी तिन्ही जागांचे फोटो बघत बसले. कापलेली हिरवळ, पांढरे दगड, सरू. हिंदू सैनिकांच्या थडग्यांवर देवनागरीत ‘ॐ भगवते नमः’ कोरलेलं. इतकी नीट, इतकी स्वच्छ जागा आमच्या गावात कुणाच्याच नावानं नाही, हे मनात आलं आणि त्याचा रागही आला. ज्यांनी त्याला तिथं नेलं तेच आता गवत कापतायत.

आजीला सांगितलं. म्हटलं, तू बघितलंस त्या दगडावर आण्णा नाही, पण इटलीत तीन ठिकाणी या नावाची माणसं आहेत, त्यांतला एक आपला असेल. तिनं फोनवरचे फोटो डोळ्याजवळ नेऊन पाहिले. बराच वेळ. मग विचारलं, “तितं निवद कोण दावतंय?”

या प्रश्नावर माझ्याकडे काही नव्हतं. पण त्यातूनच तिनं मला ती गोष्ट सांगितली जी आजवर कधी सांगितली नव्हती. तार आली ती आण्णा गेल्याची नव्हे, बेपत्ता झाल्याची होती. त्यामुळं तिच्या वहिनीनं कुंकू पुसलं नाही. लढाई संपली, पलटणी परत आल्या, पेन्शनची मनीऑर्डर सुरू झाली, तरी नाही. गावातल्या बायका हळदीकुंकवाला बोलवायच्या की नाही यावर कुजबुजायच्या, ती आपली न बोलावता जायची. पितृपक्षात त्याचं पान वाढायचं की नाही यावर घरात दोन तट पडले. शेवटी आजीच्या वडलांनी तोड काढली. तिथी माहीत नाही म्हणून सर्वपित्रीला सगळ्यांबरोबर एक पान जास्त वाढायचं, नाव घ्यायचं नाही. पुढं भटजींनी सांगितलं की हत्यारानं गेलेल्यांचं चतुर्दशीला करतात. पंचांगात त्या दिवसापुढं ‘शस्त्रादिहत पितृश्राद्ध’ असं दरवर्षी छापलेलं असतं, मी ते कितीदा वाचलं असेल आणि एकदाही थांबले नव्हते. वहिनीला चतुर्दशी मान्य नव्हती. चतुर्दशी मानली म्हणजे तो लढाईत गेला हे मानलं. म्हणून ती असेतो अमावास्याच राहिली. ती गेल्यावर चतुर्दशी झाली. आता आजीच्या माहेरी पत्र्यावर त्या दिवशी पान ठेवतात, आणि खीर, वडे, गवारीची भाजी, आळूची वडी यांच्याबरोबर एक बिस्किटही असतं. का, ते आता नव्या सुनांना ठाऊक नाही. पद्धत आहे म्हणून ठेवतात.

मी इतके दिवस जागा शोधत होते, दगड, कौल, स्तंभ. आमच्या लोकांनी ती पंचांगात करून ठेवली होती.

दगडाचं आमच्याकडे वावडं आहे असंही नाही. कोल्हापूरच्या आसपास कुठल्याही जुन्या देवळामागं वीरगळ पडलेले सापडतात. खालच्या चौकटीत लढाई नाहीतर पळवलेली गुरं, मधल्या चौकटीत अप्सरा वीराला वर नेतायत, वरच्या चौकटीत तो शिवपिंडीपुढं हात जोडून, आणि माथ्यावर चंद्रसूर्य. बहुतेकांवर नाव नाही. कुठल्या राजाच्या बाजूनं मेला, चांगल्या कारणासाठी की वाईट, काही कळत नाही. बायका शेंदूर लावतात, नारळ फोडतात. पहिल्या महायुद्धानंतर इंग्रजांनी गावोगाव संगमरवरी पाट्या लावल्या, या गावातून इतके गेले, त्यांतले इतके कामी आले. त्यांवरही बहुधा आकडेच, नावं नाहीत. साताऱ्याकडच्या अपशिंग्याला, ज्याला सगळे अपशिंगे मिलिटरी म्हणतात, त्या युद्धात कामी आलेल्या 46 जणांचं स्मारक आहे. दुसऱ्या महायुद्धानंतरच्या अशा पाट्या मात्र माझ्या पाहण्यात नाहीत. लावणारे निघून गेले होते आणि राहिलेल्यांना त्या माणसांचं काय करायचं ते कळत नव्हतं.

ते न कळणंही मला समजतं. आण्णा गणवेशात होता त्याच काळात, 13 डिसेंबर 1942 ला, गारगोटीच्या कचेरीवर चाल करून गेलेले सात जण पोलिसांच्या गोळ्यांनी पडले. कोल्हापुरात मुंबईच्या इंग्रज गव्हर्नरचा, विल्सनचा पुतळा दोन बायकांनी विद्रूप केला, आणि आज त्या चौकात शिवाजी महाराजांचा अर्धपुतळा आहे. साताऱ्यात प्रतिसरकार चालू होतं. एकाच पंचक्रोशीतली, एकाच वयाची पोरं. एक इंग्रजांच्या गोळीनं गेला तो हुतात्मा. दुसरा इंग्रजांच्या गणवेशात गेला, त्याला काय म्हणायचं? जग फॅसिझमपासून वाचवणारा? आण्णाला तो शब्द ऐकूनही माहीत नसणार. आजी सांगते त्याप्रमाणं तो भरती झाला कारण दोन वर्षं पीक गेलं होतं, आणि भरतीवाल्यानं गावात येऊन सांगितलं होतं की जेवण सरकारी. मला यात लाज वाटण्यासारखं काही दिसत नाही. पण फलकावर हे कसं लिहिणार?

फलकाचा विषय निघाला तो यामुळं की आजीचा भाचा, निवृत्त हवालदार, सध्या या कामामागं लागलाय. 2023 मध्ये ‘मेरी माटी, मेरा देश’ मोहिमेत गावोगाव शिलाफलक बसले, तसा त्यांच्या गावातही बसला. त्यावर आण्णाचं नाव नाही. कुणी वगळलं नाही, कुणी सुचवलंच नाही. स्वतः हवालदारांनाही ते तेव्हा सुचलं नव्हतं, आणि आता तेच त्यांना टोचतंय. त्यांनी शंभर पानी वही केलीय. रकाने पाडलेत: नाव, बापाचं नाव, पलटण, सैनिक क्रमांक, आणि शेवटचा, कोणी सांगितलं. जे परत आले त्यांचीही नावं त्यात घ्यायची का, यावर पारावर बराच वाद झाला. हवालदार म्हणाले, पहिल्यांदा वहीत घ्या, दगडाचं पुढं बघू. एकानं विचारलं की त्या पलीकडच्या कॅम्पातल्या बायकांचे नवरेही लढले होते, त्यांचं काय? त्यावर सगळे हसले, पण हवालदारांनी वहीच्या मागच्या पानावर ‘पोलंड’ असं लिहून ठेवलंय म्हणे.

आण्णाच्या ओळीत पलटण आणि क्रमांक कोरे आहेत. त्यांनी मला फोन करून आजीला विचारायला सांगितलं. तिला आकडा कुठला आठवायला. पण ती म्हणाली, शेवटच्या रजेला आला तेव्हा एक लोखंडी ट्रंक घरी ठेवून गेला होता आणि तिच्या झाकणावर पांढऱ्या रंगानं काहीतरी लिहिलेलं होतं. ट्रंक अजून आहे. माळ्यावर, बियाणं ठेवायला. मधल्या काळात घराला रंग देताना दरवेळी उरलेला रंग तिलाही फासला गेलाय. हवालदारांनी ती खाली काढलीय आणि पॉलिश पेपर घेऊन बसलेत. वरचा हिरवा निघाला. त्याखालचा निळा चिवट आहे, आणि फार जोर लावला तर पांढराही जाईल, म्हणून ते रोज थोडं थोडंच घासतात.